उन्हात टाकलेली पुस्तकं

आमच्या वाचनालयात लोकशाहीवरची सात पुस्तकं होती. वकीलसाहेबांनी ती पुण्याहून मागवली होती, आणि मेहकरहून बैलगाडीत पार्सल आलं त्या दिवशी गावात पेढे वाटले होते. लाल कापडी पुठ्ठे, पाठीवर सोनेरी अक्षरं. एक लोकशाहीच्या इतिहासाचं, दोन प्रातिनिधिक राज्यकारभारावर, एक निवडणुका कशा घ्याव्यात याचं, दोन नागरिकांच्या हक्कांची आणि एक कर्तव्यांचं. हक्कांची जाड होती, कर्तव्यांचं पातळ. मला त्या वयात याचा फार आनंद झाला होता. आता कोणी लोकशाहीवर बोलायला उभं राहिलं की मला आधी त्या पुठ्ठ्यांचा रंग आठवतो आणि डोकं सणकतं.

आमचं गाव डोणगावपासून दोन कोसांवर. वाचनालय म्हणजे वकीलसाहेबांच्या कापसाच्या गोदामाची पुढची खोली. आत सतरंजी, दोन काचेची कपाटं, भिंतीवर घड्याळ. बाहेर दगडी ओटा आणि ओट्याला कंबरेइतका कठडा. मी तिथं नोकर होतो. खोली झाडायची, कंदील पुसायचे, पुस्तकं द्यायची-घ्यायची, वहीत लिहायचं. मी माळ्याचा मुलगा, सातवी फायनल झालेला. बाप नदीकाठच्या तुकड्यात वांगी आणि मेथी पिकवायचा आणि डोणगावच्या बाजाराला न्यायचा. बाजारात कोणी विचारलं तर सांगायचा, "पोरगं आमचं पुस्तकाच्या हापिसात हाय." माझं बसायचं ठिकाण सतरंजीवर नव्हतं, दाराशी गोणपाटावर होतं. पण ते उंबऱ्याच्या आत होतं. त्या आत असण्याचा मला केवढा माज होता, हे आठवलं की आजही लाज वाटते.

वकीलसाहेब वाचनालयाचे अध्यक्ष. शिकलेला माणूस, बोलणं स्वच्छ, गोड. मेहकरच्या कोर्टात त्यांची वकिली चालायची आणि नागपूरच्या कौन्सिलात जायची त्यांना भारी हौस होती. दर रविवारी दुपारी ते त्या सात पुस्तकांतलं एखादं हातात घेऊन व्याख्यान द्यायचे. राज्य कोणाचं, तर प्रजेचं. प्रतिनिधी कोणाचा, तर निवडणाऱ्यांचा. लोक माना डोलवायचे. पाटील, जे कमिटीत मुळापासून होते, ते भिंतीला टेकून झोपायचे. व्याख्यान संपलं की पुस्तक कपाटात जायचं, आणि पुढच्या रविवारपर्यंत त्याला कोणी हात लावत नसे. सभासद नेत असत ते कादंबऱ्या आणि देवादिकांच्या पोथ्या.

वाचनालयाची नियमावलीही वकीलसाहेबांनीच त्या पुस्तकांवरून बेतून छापून घेतली होती. वर्गणी भरील तो सभासद. सभासदाला मत. दर चैत्रात सभा, सभेत कमिटीची निवड. उमेदवाराला एक सूचक पाहिजे आणि उमेदवार सभेला स्वतः हजर पाहिजे. ही शेवटची अट पाटलांसाठी घातली होती, कारण ते सभेला न येताच दरवर्षी निवडून यायचे. चांगला नियम होता. आमचे सगळेच नियम चांगले होते.

मग एके दिवशी महारवाड्यातला एक जण वर्गणी घेऊन ओट्याखाली येऊन उभा राहिला.

त्याचं नाव मी लिहीत नाही. जिथं लिहायला पाहिजे होतं तिथं मी ते लिहिलं नाही, आता इथं लिहून कसला मोठेपणा मिरवायचा. पस्तिशीचा माणूस, उंच, किंचित वाकलेला. खामगावच्या एका जिनिंगात काही वर्षं होता, तिथल्या मुकादमानं त्याला वाचायला शिकवलं होतं. बाप मेल्यावर गावकी त्याच्या गळ्यात पडली म्हणून परत आला. दवंडी देणं, निरोप पोचवणं, मेलेली ढोरं ओढणं, ही ती गावकी.

मी म्हणालो, "काय पाह्यजे बे?"

"सभासद व्हाचं हाय, भाऊ," तो म्हणाला. "तुमच्या कागदात लिवलं हाय ना, वर्गनी भरन तो सभासद."

तो कागद आमच्याच दारावर चिकटवलेला होता. तो खालून वाचला जाईल असं कोणाच्या डोक्यात आलं नव्हतं, इतकंच.

कमिटी बसली. पाटील म्हणाले, "ह्याच्यापरीस वाचनालय बंद करा." पण वकीलसाहेबांनी त्याला सभासद करून घेतलं. त्या दिवशी मला ते देवमाणूस वाटले. नंतर कळलं की पुढच्याच आठवड्यात मेहकरच्या भाषणात त्यांनी 'आमच्या छोट्याशा वाचनालयात हरिजन बंधूही सभासद आहे' असं सांगून टाळ्या घेतल्या. टाळ्यांसाठी का होईना, नाव वहीत आलं होतं. ते मीच लिहिलं होतं, वळणदार अक्षरात.

त्याच्यासाठी पद्धत मात्र वेगळी ठरली. त्यानं ओट्याच्या कडेला बसून वाचायचं, नाहीतर घरी न्यायचं. मी पुस्तक ओट्यावर ठेवायचं, त्यानं उचलायचं. परत करताना त्यानं ते कठड्यावर ठेवायचं. पाटील म्हणत होते, परत आलेल्या पुस्तकावर पाणी शिंपडा. वकीलसाहेबांनी समजावलं की पाण्यानं कागद कुजतो, शाई पसरते, पुस्तकं महागाची आहेत. त्यावर तोडगा निघाला तो असा: पुस्तक दिवसभर कठड्यावर उन्हात राहू द्यायचं. सूर्यानं शुद्ध झालं की संध्याकाळी आत घ्यायचं, मग वहीत जमा धरायचं. सगळ्यांचं समाधान झालं. विटाळही गेला आणि पुस्तकही वाचलं. असली अक्कल आमच्या गावाला कधी कमी पडली नाही.

त्यानं पहिल्या दिवशी काय मागावं? मला वाटलं पोथी मागेल. तो म्हणाला, "ते लाल पुस्तक द्या. रविवारी वकीलसाहेब वाचत होते ते." म्हणजे रविवारची व्याख्यानं तो खिडकीखाली बसून ऐकत होता, कोण जाणे किती दिवसांपासून.

मग त्यानं ती सात पुस्तकं धरली ती सोडली नाहीत. सातही संपली की पुन्हा पहिल्यापासून. वाचताना ओठ हलायचे, बोट ओळीखालून सरकायचं. मधेच एखाद्या ओळीवर थांबून समोरच्या रस्त्याकडे बराच वेळ बघत राहायचा. पावसाळ्यात त्याचे हाल व्हायचे. आठ-आठ दिवस ऊन पडायचं नाही. पुस्तक ओट्यावरच्या कोनाड्यात पडून राहायचं, आणि ऊन लागल्याशिवाय ते जमा होत नाही, आणि जमा झाल्याशिवाय दुसरं देता येत नाही. तो भिजत यायचा, आभाळाकडे बघायचा आणि परत जायचा. मी आतून बघायचो. मला कधी वाटलं नाही की हात पुढे करून ते पुस्तक घ्यावं. खोटं कशाला बोलू, वाटलं होतं. पण घेतलं नाही.

एकदा दुपारी ओट्यावर तो आणि आत मी, असे दोघंच होतो. त्यानं विचारलं, "भाऊ, यात लिवलं हाय का कायदा ज्याच्याकरता करता त्याले इचारा. मंग हे कठड्याचं कोनाले इचारून ठरलं?"

मी म्हणालो, "कमिटीनं ठरवलं."

"कमिटी कोनाची?"

"सभासदांची."

"अन् मी कोन हाय?"

मी वही उघडून उगाच पानं चाळली. तो हसला. चिडकं हसू नव्हतं ते, एखाद्या मास्तरानं ढ पोरापुढे हसावं तसं होतं. मला राग आला. पण त्या दिवसापासून मीही ती पुस्तकं वाचायला लागलो, हेही खरं. आम्ही दोघं वाचत बसायचो, तो ओट्यावर, मी गोणपाटावर, मधे उंबरा. एखादं अवघड वाक्य त्यानं मला सोडवून दिलेलं आठवतं. मी त्याला एकही सोडवून दिलेलं आठवत नाही. तरीही मी त्याला 'बे' म्हणत होतो आणि तो मला 'भाऊ' आणि 'तुमाले' म्हणत होता.

दोन वर्षं अशी गेली. चैत्राची सभा जवळ आली तेव्हा तो म्हणाला, "यंदा मी कमिटीले उभा राहून राह्यलो."

मी दाराबाहेर डोकावून बघितलं, कोणी ऐकत नाही ना.

"निवडून थोडाच येशीन?"

"नाई येत. एक मत पडन, माह्यं. पन आत बसून पडन," तो म्हणाला. "सभेले आत बसा लागते ना उमेदवाराले? हजर पाह्यजे असं लिवलं हाय. मले तेवढंच पाह्यजे भाऊ. एक खेप आत बसाचं, अन् त्या वहीत हजर म्हून नाव याचं. मंग तुमचं ऊन तुमाले लखलाभ."

त्याला कमिटी नको होती. त्याला त्या खोलीतली हातभर सतरंजी पाहिजे होती, तीही एका दुपारपुरती, आणि ती आमच्याच छापील कागदाच्या जोरावर. सूचक म्हणून त्यानं अर्जावर माझी सही मागितली. मीही सभासद होतो, नोकर असलो तरी. त्या वेळी माझ्या अंगात सात पुस्तकं संचारली होती. मी सही केली. झोकात केली, खाली दोन रेघा मारल्या.

अर्ज वकीलसाहेबांकडे गेला तेव्हा मला वाटलं होतं आता काहीतरी होणार. नोकरी जाईल, बापाला बोलावतील. काहीच झालं नाही. त्यांनी अर्ज वाचला, माझी सही बघितली आणि हसून म्हणाले, "वा! अभ्यास चांगला झाला म्हणायचा." मला कोणी दम दिला असता तर बरं झालं असतं. आज सांगायला निदान काहीतरी निमित्त राहिलं असतं.

सभेच्या दिवशी वीस-बावीस लोक आले. दुपारची वेळ, सतरंजी भरलेली. तो ओट्यावर उभा होता. धुतलेलं धोतर, नवा नसला तरी स्वच्छ पटका. हातात निवडणुकांचं पुस्तक, परत करायला आणलेलं. दाराशी आला आणि थांबला. उंबऱ्याशी त्याच्या पायाचा अंगठा टेकला होता, मला गोणपाटावरून तो अगदी समोर दिसत होता.

आत पाटील बसले होते. त्यांनी मांडी मोडली आणि एक हात जमिनीला टेकवला, उठायच्या तयारीत. त्यांच्या बाजूच्या चौघांनी तसंच केलं. तो पाय आत पडला तर त्या दुपारी खोलीत काय होईल आणि संध्याकाळी महारवाड्यात काय होईल, हे खोलीतल्या प्रत्येकाला माहीत होतं आणि त्यालाही माहीत होतं. तो आत आला नाही. मागेही सरकला नाही.

वकीलसाहेबांनी घड्याळाकडे बघितलं आणि मला म्हणाले, "हजेरी घे."

सभेच्या वहीत दोन रकाने असत, हजर आणि गैरहजर. मी एकेक नाव वाचत गेलो आणि लिहीत गेलो. त्याचं नाव शेवटी होतं. मी ते वाचलं.

"हाजर," तो दारातून म्हणाला. आवाज मोठा नव्हता, पण सगळ्यांना ऐकू गेला.

माझा टाक थांबला. मी वकीलसाहेबांकडे बघितलं. ते अगदी मायेनं म्हणाले, "बाळ, सभा या खोलीत भरलेली आहे. खोलीत जे आहेत तेवढे हजर. बाकीचे गैरहजर. यात आपल्या मनाचं काही नसतं, नियमच तसा आहे."

मी त्याच्याकडे बघितलं. आमच्यात दोन हातांचं अंतर होतं.

तो म्हणाला, "मी दिसून नाई राह्यलो काय तुले?"

दोन वर्षांत पहिल्यांदाच तो मला 'तुले' म्हणाला होता. एका माणसानं दुसऱ्या माणसाला म्हणावं तसं.

सूचक मी होतो. वही माझ्या मांडीवर होती, टाक माझ्या हातात होता. वकीलसाहेबांनी माझा हात धरला नव्हता. पाटील माझ्याकडे बघतही नव्हते. मी गैरहजरच्या रकान्यात त्याचं नाव लिहिलं. वळणदार अक्षरात.

उमेदवार गैरहजर, म्हणून अर्ज बाद. जुनी कमिटी सर्वानुमते निवडून आली. टाळ्या झाल्या. सर्वानुमते हा शब्दही मीच लिहिला.

टाळ्या थांबेपर्यंत तो तिथंच होता. मग कठड्यापाशी गेला, पुस्तक मधोमध उघडून पालथं ठेवलं आणि वाऱ्यानं पानं उडू नयेत म्हणून त्यावर एक दगड ठेवला. "ऊन लागू द्या त्याले," असं म्हणून ओटा उतरला. मी पुस्तक संध्याकाळी आत घेतलं, रोजच्यासारखंच, उन्हाची खात्री करून.

पंधरा दिवसांत त्यानं गावकी टाकली आणि बायकापोरं घेऊन नागपूरकडे गेला. गावानं त्याला खूप शिव्या दिल्या, मेलेली ढोरं आता कोण ओढणार म्हणून. तो जायच्या आधी मी एकदा महारवाड्याच्या वाटेनं निघालो होतो. त्यांच्या विहिरीपर्यंत गेलो. तिथं बायका पाणी भरत होत्या, त्या माझ्याकडे बघायला लागल्या. मी डोणगावचा रस्ता विचारायला आल्याचं सोंग केलं, जणू मला तो माहीत नव्हता, आणि परत फिरलो. पुढे त्याचं काय झालं ते मला माहीत नाही. मी विचारलंही नाही, कारण कोणी सांगितलं असतं तर ऐकावं लागलं असतं.

मी त्या वाचनालयात पुढेही राहिलो, उगाच कशाला लपवू. पगार वाढला, गोणपाट जाऊन खुर्ची आली. लाल पुस्तकं कपाटात गेली ती पुन्हा कोणी मागितली नाहीत. इंग्रज गेले. वयात आलेल्या सगळ्यांना मत मिळणार, बायांनासुद्धा, असं बोललं जायला लागलं. प्रांत अजून मध्यप्रांत-वऱ्हाडच होता. त्या दिवसांत वाचनालयाचा मोठा वाढदिवस झाला आणि नागपूरहून एक पाहुणे आले. वकीलसाहेब आता म्हातारे झाले होते, काठी घेऊन शेजारी बसले होते.

पाहुणे भले माणूस होते. मला कपाट उघडायला सांगितलं. कादंबऱ्या-पोथ्यांची पानं सुटली होती, पण पुठ्ठ्यांचे रंग जसेच्या तसे होते, सोनेरी अक्षरंसुद्धा शाबूत. ती सात मात्र विटून गेली होती. लाल रंग उडून पुठ्ठे जुन्या लुगड्याच्या रंगाचे झाले होते, पाठी तडकल्या होत्या. पाहुण्यांनी एक हातात घेतलं, उलटसुलट बघितलं, आणि त्यांचे डोळे भरून आले, खरंच भरून आले. लोकांकडे वळून म्हणाले, "मी पुष्कळ वाचनालयं पाहिली. पण लोकशाहीवरची पुस्तकं वाचून वाचून अशी विटवणारं गाव मी पहिल्यांदाच बघतो आहे. या गावाला स्वातंत्र्याचा अर्थ कोणी शिकवायची गरज नाही."

टाळ्यांचा कडकडाट झाला. वकीलसाहेबांनी हात जोडले. म्हणाले, "आमच्या लोकांना पहिल्यापासून आवड आहे." मला हसू आलं. उन्हानं विटलेला पुठ्ठा आणि हातांनी विटलेला पुठ्ठा यातला फरक त्या खोलीत फक्त दोघांना कळत होता.

पाहुण्यांनी कौतुकानं वही मागितली, कोणी कोणी वाचली ते बघायला. मी जुनी वही काढून दिली. त्यांनी पान उलटलं, आणखी एक उलटलं. सातही पुस्तकांपुढे एकच नाव होतं, पुन्हा पुन्हा, माझ्या अक्षरात. त्यांनी मान वर करून विचारलं, "हे गृहस्थ कोण? आज सभेला आहेत का? मला त्यांना भेटायचं आहे."

वकीलसाहेबांनी माझ्याकडे बघितलं, त्या दुपारसारखंच, मायेनं. दारही तेच होतं. मी त्या दाराकडे बघितलं, आणि सगळ्या सभेला ऐकू जाईल असं सांगितलं, "गैरहजर आहेत." या खेपेला ते खरं होतं.